केमोनंतर ताप आला तर: आमच्या घरात बसलेली रीत

माझे यजमान वाई आगारात एसटीचे चालक होते. निवृत्तीला आठ महिने उरले असताना मानेला गाठ आली, तपासणीत लिम्फोमा, म्हणजे लसिकाग्रंथींचा कॅन्सर, निघाला आणि पुण्याला सहा केमो ठरल्या, दर एकवीस दिवसांनी एक. पहिली नीट पार पडली. दुसऱ्या केमोनंतर अकराव्या दिवशी संध्याकाळी हे म्हणाले, ‘‘अंगात जरा कणकण आहे.’’ मी कपाळाला हात लावला, कोमट लागलं. थर्मामीटर कपाटात होता, पण त्याचा सेल गेलेला. मी पॅरासिटामॉलची गोळी दिली. तासाभरात घाम आला, बरं वाटलं, दोघंही झोपलो.

पहाटे चारला हे मोरीकडे जाताना दारातच खाली बसले. हातपाय गार, बोलणं तुटक. जवळच्या एका दवाखान्यात नेलं. तिथे ‘‘व्हायरलची साथ आहे’’ म्हणून कमरेत इंजेक्शन दिलं आणि घरी पाठवलं. मला चैन पडेना. सकाळी दहाला पुण्यात पोचलो तेव्हा वरचं बीपी ७० होतं आणि पांढऱ्या पेशी ६००. नऊ दिवस दवाखान्यात काढले, त्यातले तीन आयसीयूत.

त्यानंतरच्या चार केमोंमध्ये ताप दोनदा आला. दोन्ही वेळा आम्ही वेळेत पोचलो, दोन्ही वेळा हे स्वतःच्या पायांनी गाडीतून उतरले आणि पाच दिवसांच्या आत घरी आले. केमो तीच होती, माणूस तोच होता. मोठा फरक पडला तो घरातून निघायच्या वेळेत. तेवढी वेळ आपल्या हातात असते, म्हणून हे लिहिते आहे. मी प्राथमिक शाळेत शिक्षिका आहे, डॉक्टर नाही. कोणतं औषध किती द्यायचं ते तुमचे डॉक्टर ठरवतील. ताप कळल्यापासून सलाईन लागेपर्यंत घरच्यांनी काय करायचं, एवढंच मी सांगू शकते.

हा ताप वेगळा का

केमोचं औषध भराभर वाढणाऱ्या पेशी मारतं. कॅन्सरच्या पेशी मरतात, तशाच हाडांच्या मगजात तयार होणाऱ्या रक्ताच्या पेशीही मरतात. पांढऱ्या पेशींमध्ये न्यूट्रोफिल नावाच्या असतात, त्या जंतूंवर सगळ्यांत आधी धावून जातात. त्या कमी झाल्या की आपल्याच तोंडातले, आतड्यातले, कातडीवरचे एरवी गुण्यागोविंदाने राहणारे जंतू रक्तात शिरतात आणि त्यांना अडवायला कुणी नसतं. काही तासांत बीपी ढासळू शकतं. या तापाला डॉक्टर फेब्राइल न्यूट्रोपेनिया म्हणतात. हे दोन शब्द पाठ करून ठेवा. कॅज्युअल्टीत फार उपयोगी पडतात.

आणखी एक गोष्ट मला आयसीयूच्या बाहेर बसून कळली. ह्यांच्या उजव्या अंगठ्याच्या नखाशेजारी कातडं निघालं होतं. नखं काढताना जरा खोल गेलं असेल. मी ते रोज बघत होते. लाल नव्हतं, सुजलं नव्हतं, पू नव्हता, फक्त दाबलं की दुखायचं. मला वाटलं, भरतंय. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, ‘‘पू म्हणजे मेलेल्या पांढऱ्या पेशीच असतात. पेशीच नाहीत तर पू कुठून होणार?’’ म्हणजे लाली, सूज, पू या ज्या खुणांवरून आपण एरवी जखम ओळखतो, त्या या दिवसांत दिसतीलच असं नाही. छातीत न्यूमोनिया असला तरी एक्स-रे सुरुवातीला साफ येऊ शकतो. पुष्कळदा ताप ही एकच खूण हाती येते, आणि गोळी देऊन मी तीच पुसून टाकली होती.

दिवस मोजा

केमो दिली तो पहिला दिवस धरा. साधारण सातव्या दिवसापासून पेशी उतरतात, दहाव्या ते चौदाव्या दिवसांत सगळ्यांत खाली जातात आणि तिसरा आठवडा संपेपर्यंत बऱ्याच अंशी भरून येतात. एकवीस दिवसांच्या पुष्कळ केमोंमध्ये असं असतं. रक्ताच्या कॅन्सरमध्ये पेशी कित्येक आठवडे खालीच राहू शकतात. म्हणून तुमच्या डॉक्टरांना सरळ विचारा, ‘‘आमचे जपायचे दिवस कोणते?’’ मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर ते दिवस लाल पेनाने गोल करून ठेवायची. मुलगा, सून, शेजारच्या वहिनी, सगळ्यांना लाल दिवस ठाऊक होते. पण लाल गोल नाही म्हणून ताप आला तरी चालेल, असं मात्र नाही. केमो चालू असेपर्यंत कुठल्याही दिवशीचा ताप हा फोन करण्याचाच ताप.

सीबीसीचा, म्हणजे रक्तातल्या पेशी मोजायच्या तपासणीचा, रिपोर्ट हातात आला की टोटल काउंटवर, म्हणजे एकूण पांढऱ्या पेशींच्या आकड्यावर, थांबू नका. टोटल काउंट आणि न्यूट्रोफिलचे टक्के यांचा गुणाकार करून शंभराने भागा. ह्यांचा त्या दिवशीचा हिशेब असा: ६०० गुणिले २० भागिले १०० म्हणजे १२०. याला एएनसी म्हणतात. दीड हजारांच्या वर हवा. पाचशेच्या खाली गेला तर धोका फार. शंभराच्या खाली त्याहून जास्त. काही लॅब काउंट हजारात लिहितात, तेव्हा १.२ म्हणजे बाराशे. माझ्या मैत्रिणीने १.२ बघून घाबरून मला रात्री फोन केला होता. बाराशे हाही कमीच, पण एकपूर्णांक दोन नव्हे.

ताप कसा मोजायचा

सेल असलेला साधा डिजिटल थर्मामीटर घ्या आणि जास्तीचा सेलही घ्या. कपाळासमोर धरायच्या बंदुकीवर विसंबू नका. हाताच्या स्पर्शावर तर अजिबात नको. त्यात मी फसले आहे.

जिभेखाली, जरा बाजूला, ओठ मिटून, बीप वाजेपर्यंत. चहा किंवा गार पाणी घेतलं असेल तर वीस मिनिटं थांबा. तोंड आलं असेल तर काख पुसून कोरडी करा आणि काखेत मोजा. काखेतला आकडा तोंडातल्यापेक्षा अर्ध्या ते एक अंशाने कमी येतो. गुदद्वारातून ताप कधीही मोजू नका. तिथे बारीकशी चीर पडली तरी जंतूंना वाट मिळते. त्याच कारणाने एनिमा आणि तिथून द्यायची औषधंही डॉक्टरांना विचारल्याशिवाय नाहीत.

आम्ही सकाळी सहा आणि संध्याकाळी सहाला मोजायचो. लाल दिवसांत रात्री दहालाही. अंग शहारलं, पांघरूण मागितलं, की वेळ न बघता. हे मला शाळेच्या हजेरीसारखं जमून गेलं: वहीत दिवस, वेळ, आकडा आणि शेवटच्या रकान्यात शेरा.

आता आकडा. एकदाच मोजून १०१ अंश फॅरनहाइट किंवा त्याच्या वर, अथवा १००.४ तासभर टिकलेला, याला डॉक्टर ताप म्हणतात. सेल्सियसमध्ये १००.४ म्हणजे बरोबर ३८. आम्हाला आमच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, ‘‘तुम्ही वाईला राहता. तासभर वाट बघत बसू नका. १००.४ दिसला की फोन करा आणि निघा. तो तास रस्त्यात जाऊ दे.’’ काखेत ९९.५ झालं तरी फोन करायला सांगितलं होतं. तुमचा आकडा तुमच्या डॉक्टरांकडून पहिल्या केमोच्या दिवशीच लिहून घ्या.

फोन होईपर्यंत तापाची गोळी नको. हे मी दहादा सांगेन. गोळीने ताप उतरतो, जंतू उतरत नाहीत, आणि मधले सहा तास आपण निर्धास्त झोपतो. आयबुप्रोफेन, डायक्लोफिनॅक, अ‍ॅस्पिरिन तर मुळीच नको, कारण रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेटही त्याच दिवसांत उतरलेल्या असतात आणि रक्तस्राव होऊ शकतो. कमरेत, दंडात स्नायूंमध्ये द्यायचं इंजेक्शन याच कारणाने टाळायचं. घरात उरलेलं अँटिबायोटिकही मनाने सुरू करू नका. रक्ताच्या कल्चरमध्ये, म्हणजे रक्तातले जंतू लॅबमध्ये वाढवून ओळखायच्या तपासणीत, मग ते सापडायला कठीण जातं.

ताप नसताना सुद्धा

ह्यांच्या केमोत पहिले पाच दिवस प्रेडनिसोलोन ही स्टेरॉइडची गोळी असायची. स्टेरॉइड चालू असताना ताप दबून राहतो. वयस्कर माणसांतही ताप चढेलच असं नाही. म्हणून थर्मामीटर ९८ दाखवत असला तरी पुढचं काही दिसलं तर ताप आहे असंच समजून निघा: दात वाजेपर्यंत थंडी, धाप, चक्कर, लघवी एकदम कमी, पोटात सतत दुखणं, जुलाब, बोलण्यात गोंधळ, नेहमीपेक्षा गुंगी. हे एसटीत असताना तापातही गाडी काढायचे, त्यामुळे ‘‘काही नाही, बरा आहे’’ हे त्यांचं ठरलेलं उत्तर. मी विचारणं सोडून बघायला लागले. चहाचा कप धरताना हात थरथरतो का, पेपर चाळतात की नुसता मांडीवर ठेवतात. चौथ्या केमोनंतर दहाव्या दिवशी सकाळी पेपर न उघडता मांडीवर होता. मोजलं तर १००.६.

दाराजवळची पिशवी

एक कापडी पिशवी दाराच्या खुंटीला कायम टांगलेली. तिच्यात केमोची फाइल, शेवटचे दोन सीबीसी, चालू गोळ्यांची यादी, आधार कार्ड, विम्याचे आणि योजनेचे कागद, रोख पैसे, फोनचा चार्जर, दोन मास्क, सॅनिटायझर, धुतलेली चादर, पाण्याची बाटली. आणि सगळ्यांच्या वर डॉक्टरांचं पत्र. हे पत्र मुद्दाम मागून घ्या. त्यात आजार, चालू केमोचं नाव, कशाची अ‍ॅलर्जी आहे, आणि ‘ताप आल्यास ताबडतोब रक्ताचं कल्चर घेऊन शिरेतून अँटिबायोटिक सुरू करावं’ असं लिहिलेलं असावं, कोणतं, तेही. लेटरहेडवर, सही-शिक्क्यासह. केमोच्या घरात हे पत्र मला सगळ्यांत मोलाचं वाटतं.

फ्रिजवर एक कागद चिकटवला होता. त्यावर अगदी मोठ्या अक्षरात:

ताप १००.४ किंवा जास्त, किंवा थंडी वाजून आली:
१. गोळी देऊ नका.
२. केमो वॉर्डाला फोन. नाही लागला तर दुसरा नंबर. दहा मिनिटांत नाही लागला तर फोनशिवाय निघा.
३. गाडी. नाही मिळाली तर १०८.
४. पिशवी.

हा कागद माझ्यासाठी नव्हता. मी शाळेत असताना घरी कोण असेल त्याच्यासाठी होता.

रस्त्याचा विचार आधी

वाईहून पुण्याला एरवी दोन तास. पण रविवारी संध्याकाळी महाबळेश्वरहून परतणाऱ्या गाड्यांनी सुरूर फाट्यापासून रांग लागते आणि खंबाटकीच्या बोगद्याजवळ सगळं ठप्प. म्हणून तिसऱ्या केमोच्या आधीच आम्ही सातारच्या एका दवाखान्यात जाऊन आलो. पस्तीस किलोमीटर. तिथल्या डॉक्टरांना फाइल दाखवली, पुण्याच्या डॉक्टरांशी फोनवर बोलणं करून दिलं, आणि विचारलं: रात्री ब्लड कल्चरच्या बाटल्या असतात का? हे अँटिबायोटिक तुमच्या मेडिकलमध्ये असतं का? वेगळी खोली मिळेल का? ठरलं असं की पहिला डोस साताऱ्यात, मग गरज पडली तर अ‍ॅम्ब्युलन्सने पुणे. ह्यांच्या जुन्या वाहकमित्राने त्या दिवसांत गाडीत डिझेल भरलेलं ठेवलं आणि फोन उशाशी. तो एकदा रात्री दीडला सात मिनिटांत दारात उभा राहिला.

तुम्ही कुठेही राहत असा, हे काम ताप नसताना करा. मोठ्या दवाखान्यासाठी चार तास जाणार असतील तर पहिला डोस जवळ कुठे मिळेल ते शोधा.

कॅज्युअल्टीत

पहिलं वाक्य तयार ठेवा. आमचं होतं: ‘‘केमोचे पेशंट आहेत, आज दहावा दिवस, ताप १००.६, काउंट कमी असणार, फेब्राइल न्यूट्रोपेनियाची शंका आहे.’’ मग पत्र पुढे करायचं. नुसतं ‘‘ताप आलाय’’ म्हटलं की आपण खोकणाऱ्या-शिंकणाऱ्यांच्या बाकावर जाऊन बसतो. मास्क लावा आणि बाजूला बसवायला सांगा.

पोचल्यापासून तासाभरात अँटिबायोटिकचा पहिला डोस शिरेतून सुरू व्हावा, हे जगभर मानलेलं माप आहे. आधी कल्चरसाठी रक्त घेतात. पोर्ट किंवा पिक लाइन (केमोसाठी मोठ्या शिरेत बसवून ठेवलेली नळी) असेल तर एक त्यातून आणि एक हाताच्या शिरेतून. पण सीबीसीचा रिपोर्ट येईपर्यंत, खोली मिळेपर्यंत, डिपॉझिट भरेपर्यंत डोस थांबू नये. तिथे हात जोडून, आवाज न चढवता, पण पुन्हा पुन्हा विचारा: ‘‘पहिला डोस कधी लागणार?’’ एकाने पैशांकडे जावं, दुसऱ्याने पेशंटजवळ थांबून हाच प्रश्न विचारावा. माझ्या वहीत दोन्ही वेळची नोंद आहे. चौथ्या केमोला पोचल्यापासून चाळीस मिनिटांत डोस, पाचव्याला पंचावन्न.

पुढे वॉर्डात दिवस संथ जातात. पिपरॅसिलिन-टॅझोबॅक्टम, सेफेपिम, मेरोपेनेम अशी अँटिबायोटिकची नावं कानावर पडतील. बरोबर औषध चालू असूनही ताप दोन-चार दिवस येत राहू शकतो. लगेच ‘‘औषध बदला’’ म्हणून घाबरू नका, बीपी आणि लघवी ठीक आहे ना ते विचारा. चार-पाच दिवसांनंतरही ताप राहिला तर डॉक्टर बुरशीचा विचार करतात. कल्चरचं कळायला दोन दिवस तरी लागतात आणि पुष्कळदा त्यात काहीच उगवत नाही. त्याचा अर्थ ताप खोटा होता असा नाही. ज्यांचा धोका कमी आहे अशा काही पेशंटना तपासून, गोळ्या देऊन घरी पाठवतात. तो निर्णय त्यांनी बघून घ्यायचा, आपण घरून नाही.

पेशी वाढवायचं इंजेक्शन, फिलग्रास्टिम, कातडीखाली देतात. दुसऱ्या केमोच्या अनुभवानंतर आम्हाला प्रत्येक केमो संपल्यावर चोवीस तास उलटून गेले की त्याचा लांब पल्ल्याचा प्रकार दिला. ते फ्रिजमध्ये ठेवायचं, बर्फाच्या कप्प्यात नव्हे. त्याने कंबर, मांड्या फार दुखतात. हाडांत मगज कामाला लागलेला असतो. दुखण्यासाठी पॅरासिटामॉल चालेल असं डॉक्टर म्हणाले, पण अट एकच: आधी ताप मोजायचा, वहीत लिहायचा, मग गोळी.

रोजचं जपणं

हात धुणं सगळ्यांत आधी. साबण, वीस सेकंद, घरात शिरणाऱ्या प्रत्येकाने. तोंडासाठी मऊ ब्रश आणि कोमट पाण्यात मीठ-खायचा सोडा घालून दिवसातून चार-पाच गुळण्या. ह्यांच्या केमोतल्या एका औषधाने शौचाला कडक व्हायचं. कुंथून चीर पडू नये म्हणून पातळ औषध रोज, आणि गुदद्वारापाशी दुखलं तर लाज न धरता सांगायचं. दाढी मशीनने, नखं फार खोल नाहीत.

जेवण ताजं, गरम, घरचं. पाणी उकळून. कच्ची मोडाची कडधान्यं, कोथिंबीर वरून भुरभुरलेली, बाहेरची चटणी, उसाचा रस, भेळ बंद. फळं स्वच्छ धुऊन, सालीची: केळं, संत्रं. मात्र सगळं शिजवून बेचव करून माणसाला उपाशी ठेवू नका. नुसत्या कडक पथ्याने ताप टळतो असं अभ्यासांत दिसलेलं नाही, आणि वजन उतरलं तर पुढची केमो झेपत नाही.

कुंड्यांची माती, जुनी पोती झटकणं, घराची रंगरंगोटी-पाडापाडी यांपासून दूर. तिथे बुरशीचे कण उडतात. तिसऱ्या केमोचा दहावा दिवस नेमका गौरीत आला. सुनेने गौरी बाहेरच्या खोलीत बसवल्या, हळदीकुंकू अंगणात केलं, आणि हे आतल्या खोलीच्या खिडकीतून आरतीला टाळ वाजवत होते. जावेला वाईट वाटलं. मी तिला वही दाखवली.

काढ्यांचं सांगते. आमच्याकडे गुळवेल, पपईच्या पानांचा रस, गव्हांकुर, सगळं प्रेमाने आलं. मी सगळं ठेवून घेतलं आणि काहीही दिलं नाही. गुळवेलीच्या काढ्यानंतर यकृताला इजा झालेले रुग्ण मुंबईच्या डॉक्टरांनी २०२१ मध्ये नोंदवले आहेत, आणि कच्च्या पाल्याच्या रसातून जंतू पोटात जातात. जे काही द्यायचं ते डॉक्टरांना नाव सांगून.

एवढं सगळं करूनही ताप येऊ शकतो. चौथ्या केमोला माझ्याकडून काहीच चुकलं नव्हतं, तरी आला. बहुतेक वेळा जंतू पेशंटच्या स्वतःच्याच आतड्यातले असतात. कोण भेटायला आलं होतं, काय खायला घातलं, हे उगाळत बसू नका आणि घरात कुणाला बोल लावू नका. त्या वेळात थर्मामीटर लावा.

सहावी केमो होऊन सव्वा वर्ष झालं. पिशवी गेल्या महिन्यात पलीकडच्या आळीतल्या एका मुलीला दिली. तिच्या आईची पहिली केमो झाली आहे. देताना नवा सेल घातला, जुने रिपोर्ट काढून घेतले आणि फ्रिजवरचा कागद तिच्याकडूनच नव्याने लिहून घेतला, तिच्या डॉक्टरांचा नंबर घालून. परवा सकाळी तिचा फोन आला होता. नववा दिवस, ताप ९९.१. मी म्हटलं, तासाभराने पुन्हा मोज, तोवर चपला दारात काढून ठेव.